कूतचा वेढा: उपासमारीचा दोष कुणाचा?

२९ एप्रिल १९१६ रोजी तायग्रिस नदीच्या काठावरील कूत अल अमारा या गावात ब्रिटिश-हिंदी फौजेने तुर्कांपुढे शस्त्रे खाली ठेवली आणि पावणेपाच महिने चाललेला वेढा संपला. शरण गेलेल्यांची संख्या तेरा हजारांवर होती. त्यांतले दहा हजारांहून अधिक लोक हिंदुस्थानातले होते: सुमारे सात हजार शिपाई, दोनशेवर हिंदी अधिकारी आणि तीन हजारांहून जास्त भिस्ती, स्वयंपाकी, डोलीवाले, खेचरवाले. फौजेचे कागदोपत्री नाव सहावी डिव्हिजन, पण तिला पूना डिव्हिजन म्हणत, कारण शांततेच्या काळात तिचे मुख्यालय पुण्यात असे. १०३ वी आणि ११० वी मराठा लाइट इन्फन्ट्री, ११७ वी मराठा पलटण आणि खडकीच्या बॉम्बे सॅपर्सच्या कंपन्या तिच्यात होत्या. म्हणजे इराकच्या त्या ओसाड मुलखात अडकून पडलेल्यांत देशावरचे आणि कोकणातले शेकडो तरुण होते. त्यांच्यावर आणि त्यांच्या हिंदी सोबत्यांवर एक आरोप तेव्हापासून चिकटला आहे. घोड्याचे मांस खायला त्यांनी नकार दिला, त्यामुळे धान्य लवकर संपले आणि कूत पडले, असा तो आरोप. फौजेचा सेनापती मेजर जनरल चार्ल्स टाउनशेंड याच्या तारांतून आणि १९२० मध्ये छापलेल्या त्याच्या आठवणींतून हिंदी सैनिकांबद्दलची नाराजी वारंवार येते, आणि घोड्याच्या मांसाची गोष्ट पुढे अनेक लेखकांनी फारशी न तपासता उचलली. या प्रकरणात तो आरोप तपासायचा आहे. माझे म्हणणे असे की, कूत उपासमारीने पडले हे खरे, पण त्या उपासमारीची मुळे शिपायाच्या ताटात नव्हती. ती सेनापतीच्या धान्याच्या हिशोबात आणि सरकारने न पुरवलेल्या बोटींत होती.

ही फौज तिथे पोचली कशी, ते थोडक्यात सांगितले पाहिजे. नोव्हेंबर १९१४ मध्ये तिची पहिली तुकडी इराणी आखाताच्या टोकाशी फाओला उतरली. अबादानचा तेलशुद्धीकरण कारखाना आणि बसरा बंदर यांचे रक्षण करायचे, एवढाच तेव्हा उद्देश होता. बसरा हाती आले, जून १९१५ मध्ये अमारा पडले, सप्टेंबरअखेर कूत मिळाले. प्रत्येक सोप्या विजयानंतर पुढच्या गावाचा मोह सुटत गेला आणि मोहिमेचा प्रमुख जनरल जॉन निक्सन याने टाउनशेंडला थेट बगदादकडे धाडले. बगदादच्या अलीकडे टेसिफॉन येथे २२ नोव्हेंबर १९१५ रोजी लढाई झाली. तीत टाउनशेंडच्या लढाऊ सैन्यापैकी निम्म्याच्या आसपास माणसे ठार किंवा जखमी झाली. उरलेली फौज पाठलाग करणाऱ्या तुर्कांशी लढत मागे हटली आणि ३ डिसेंबरला कूतला येऊन थांबली. चार दिवसांत तुर्कांनी चारी बाजू बंद केल्या. ही माघार टाउनशेंडने कौशल्याने पार पाडली, हे त्याच्या टीकाकारांनीही मान्य केले आहे. माणसे इतकी थकली होती की आणखी मागे चालणे अशक्य होते, हे त्याचे म्हणणेही खोटे नाही. त्याच्या चुका त्यानंतर सुरू होतात.

कूत हे नदीच्या एका मोठ्या वळणात वसलेले गाव. तीन बाजूंनी तायग्रिस आणि उत्तरेकडची चौथी बाजू सपाट, उघडी, झाड नाही की टेकडी नाही अशी. तिथेच खंदकांच्या रांगा खणल्या गेल्या आणि ईशान्येच्या कोपऱ्यात मातीच्या भिंतींचा एक छोटा किल्ला होता. वाळवंटातला वेढा म्हटले की पाण्याविना तडफडणारी माणसे डोळ्यांपुढे येतात. कूतमध्ये पाणी हाताशी होते, फक्त ते आणायला गेलेल्या भिस्त्यावर पलीकडच्या काठावरून गोळी येई. जानेवारीत आणि पुन्हा मार्चमध्ये तर नदीला पूर येऊन खंदकच बुडाले आणि दोन्ही बाजूंच्या सैनिकांना पुढच्या रांगा सोडाव्या लागल्या. नदीपलीकडे उजव्या काठावर लोकरीचे गठ्ठे बांधायचा आणि ज्येष्ठमधाचा कारखाना असलेली छोटी वस्ती होती. ती ११० व्या मराठा आणि १२० व्या पलटणीने सांभाळली. मुख्य फौजेशी त्यांचा संबंध फक्त नदीवरून आणि बहुधा रात्रीच, आणि पुरात ती वस्ती जवळजवळ बेट होऊन जाई. तरी ती शेवटपर्यंत तुर्कांच्या हाती गेली नाही. २४ डिसेंबरला तुर्कांनी किल्ल्यावर तोफांचा भडिमार करून भिंती फोडल्या आणि आत घुसण्याचा निकराचा प्रयत्न केला. किल्ल्याच्या बचावात ऑक्सफर्डशायरच्या गोऱ्या पलटणीबरोबर १०३ वी मराठा पलटणही होती. हातबॉम्ब आणि संगिनींची ती झुंज रात्रभर चालली आणि तुर्कांना परतावे लागले. त्यानंतर कूत लढून घेण्याचा असा मोठा प्रयत्न त्यांनी पुन्हा केला नाही. जर्मन फील्ड मार्शल फॉन डेर गोल्ट्झ आणि पुढे सूत्रे हाती घेतलेला हलील पाशा यांनी कूतभोवतीचा फास आवळून ठेवला आणि मुख्य बळ नदीच्या खालच्या अंगाने येणारी मदत अडवण्यात घातले. शिपाई लढले नाहीत म्हणून कूत पडले असे कुणाला म्हणायचेच असेल, तर त्याने आधी २४ डिसेंबरच्या रात्रीचे स्पष्टीकरण द्यावे. त्या रात्रीनंतर कूतचे भवितव्य संगिनीवर ठरणार नव्हते, ते कोठारावर ठरणार होते.

मग कोठारात किती होते? वेढ्याच्या आरंभी टाउनशेंडने वर कळवले की गोऱ्या सैनिकांना एक महिना आणि हिंदी सैनिकांना सुमारे दोन महिने पुरेल इतका पूर्ण शिधा आहे. हा आकडा सरकारी साठ्याचा होता. गावात सुमारे सहा हजार अरब रहिवासी होते आणि कूत ही धान्याची पेठ होती, पण त्यांच्या घरांत किती बार्ली, किती गहू, किती तूप आहे, याची नीट मोजणी झाली नाही. शिधाही कमी केला नाही. जानेवारीचा तिसरा आठवडा उजाडेपर्यंत माणसे पूर्ण शिध्यावर होती आणि तीन हजारांच्या आसपास घोडी-खेचरे दाणा खात होती. पुढे एप्रिलमध्ये माणसांना ज्या बार्लीचे चिमूटचिमूट वाटप करावे लागले, तीच बार्ली ही जनावरे खात होती. सुटकेला येणारे सैन्य महिन्याभरात येईल असे सेनापतीने गृहीत धरले होते. १८९५ मध्ये चित्रळच्या छोट्या किल्ल्यात साडेसहा आठवडे वेढ्यात टिकून राहिल्याबद्दल तो इंग्लंडात रातोरात प्रसिद्ध झाला होता. तिथे बसून राहायचे आणि मदतीची वाट पाहायची, एवढे पुरले होते. कूतमध्येही तेच पुरेल, ही समजूत त्याच्या प्रत्येक निर्णयात दिसते. मदत जानेवारीच्या मध्यास आली नाही, तेव्हा कुठे घरांची झडती सुरू झाली आणि शेकडो टन धान्य हाती लागले. २५ जानेवारीच्या सुमारास टाउनशेंडने नवा हिशोब पाठवला: आणखी ८४ दिवस टिकू. मराठी राज्याच्या गडांवर सबनीस आणि कारखानीस यांच्याकडे हेच काम असे. अंबरखान्यात किती खंडी धान्य आहे आणि ते किती माणसांना किती दिवस पुरेल, हे वेढा पडण्यापूर्वी माहीत असणे गडाच्या बचावाचा पाया मानला जाई. पूना डिव्हिजनच्या सेनापतीने तो हिशोब वेढा पडल्यावर सात आठवड्यांनी केला.

यावर असे म्हणता येईल की अरबांनी धान्य दडवले होते, ते सेनापतीला कसे दिसावे? आणि ८४ दिवसांची भर पडली, तर त्यात नुकसान काय झाले, फायदाच झाला. पण उशिरा सापडलेल्या धान्याची किंमत कूतबाहेरच्या माणसांनी मोजली. पहिल्या हिशोबामुळे सुटकेच्या सैन्याचा प्रमुख जनरल आयल्मर याच्यावर एकच दडपण होते: जानेवारीच्या मध्यापर्यंत पोचलेच पाहिजे, नाही तर कूत उपाशी मरेल. त्याच्या ब्रिगेडी फ्रान्सहून आणि इजिप्तहून तुटक-तुटक येत होत्या, तोफा आणि दवाखान्याची पथके मागेच राहिली होती, तरी त्याने चढाई केली. ६ ते ८ जानेवारीला शेख साद येथे सुमारे चार हजार माणसे गारद झाली, १३ जानेवारीला वादी येथे आणखी दीड हजारांवर, आणि २१ जानेवारीला हन्ना येथे चिखलात व पावसात केलेल्या हल्ल्यात २,७०० च्या आसपास. हन्नाच्या जखमींनी ती रात्र गोठवणाऱ्या पावसात उघड्यावर काढली आणि त्यांतले कित्येक सकाळपर्यंत मेले. त्यानंतर चारच दिवसांनी कूतहून तार आली की घाई नव्हती. हेच धान्य डिसेंबरच्या पहिल्या आठवड्यात मोजले असते आणि शिधा तेव्हाच अर्ध्यावर आणला असता, तर आयल्मरला फेब्रुवारी-मार्चपर्यंत थांबून पूर्ण ताकदीने हल्ला करता आला असता. वेढ्याच्या इतिहासातली ही मला सर्वांत दुःखद वाटणारी गोष्ट आहे, आणि तिच्यात घोड्याच्या मांसाचा काडीचाही संबंध नाही.

पूर्ण ताकद जमवायची तर माणसे नदीवरून वर आणायला हवी होती, आणि इथे दुसरी चूक समोर येते. बसऱ्यापासून कूत नदीच्या वळणांनी साडेचारशे किलोमीटरच्या आसपास. रेल्वे नव्हती आणि पक्का रस्ता नव्हता, तेव्हा जे काय न्यायचे ते उथळ नदीत चालणाऱ्या चपट्या बुडाच्या आगबोटींनी, पडावांनी किंवा महैला नावाच्या शिडाच्या देशी होड्यांनी. बसऱ्याला समुद्री जहाजांसाठी धक्का नव्हता, म्हणून माल पात्राच्या मध्यावरच होड्यांत उतरवावा लागे आणि जहाजे आठवडेच्या आठवडे रांगेत उभी राहत. बगदादकडे चाल करण्यापूर्वी बोटींची संख्या वाढवावी, या मागणीकडे सिमल्याच्या सरकारने खर्चाच्या कारणाने काणाडोळा केला. फौज दुप्पट-तिप्पट झाली, पण नदीवरची वाहने त्या प्रमाणात वाढली नाहीत. मार्चमध्ये आयल्मरने दुजैला येथे आपला शेवटचा मोठा प्रयत्न केला, तेव्हा दहा हजारांवर ताजे सैनिक बसऱ्यात बोटीची वाट पाहत बसलेले होते. दुजैलाचा मोर्चा ८ मार्चच्या पहाटे जवळजवळ रिकामा होता. तोफांची मांडणी होईपर्यंत हल्ला थांबवून ठेवला गेला आणि तेवढ्या वेळात तुर्कांनी तो भरून काढला. एका सेनापतीचा हा कचखाऊपणा असेलही, पण हाताशी आणखी दहा हजार माणसे असती तर इतके सावध राहण्याची गरजही कमी झाली असती.

आता घोड्याच्या मांसाकडे येऊ. जानेवारीच्या अखेरीस जनावरे मारायला सुरुवात झाली आणि गोऱ्या सैनिकांनी ते मांस खाल्ले. हिंदी सैनिकांपैकी बहुतेकांनी ते नाकारले, हिंदूंनी आणि मुसलमानांनीही. मराठा शिपाई शाकाहारी होता अशातला भाग नाही. बकऱ्याचे मटण त्याला चाले, घोडा मात्र खाण्याची गोष्ट नव्हती. दिल्लीच्या जामा मशिदीच्या इमामांची आणि हिंदू पंडितांची अनुमती मिळवून ती वेढ्यात कळवण्यात आली, तरी फरक पडला नाही. इथे आक्षेप येतो की धर्मगुरूंनी परवानगी दिल्यावरही नकार म्हणजे निव्वळ हट्ट झाला. या आक्षेपामागे हिंदुस्थानी समाजाविषयीचे अज्ञान आहे. सातारा किंवा रत्नागिरी जिल्ह्यातल्या शिपायाला वाळीत टाकायचे की नाही, हे दिल्लीचा पंडित ठरवत नव्हता. ते त्याची भावकी, त्याची जात आणि त्याचा गाव ठरवत होता. परत गेल्यावर आपल्याला पंक्तीत घेणार नाहीत, मुलीबाळींची लग्ने अडतील, अशी भीती शिपाई बोलून दाखवत, असे त्यांच्या अधिकाऱ्यांनीच नोंदवले आहे. शिपाई आपल्या उरलेल्या आयुष्याचा हिशोब करत होता. आज ना उद्या सुटका होणार, असे सेनापती रोज सांगत असताना, काही आठवड्यांच्या भुकेसाठी कुटुंबाची कायमची पत घालवायची नाही, असे त्याने ठरवले. मला हा विचार आंधळा वाटत नाही. ज्याला सुटकेची खात्री दिलेली आहे, असा सुबुद्ध माणूस असेच ठरवील.

हा नकार कायम राहिला नाही, आणि आरोप करणारे नेमके हेच विसरतात. एप्रिलच्या दुसऱ्या आठवड्यात हिंदी सैनिकांचा पिठाचा शिधा पाच औंसांवर आला, म्हणजे दीडशे ग्रॅमच्याही खाली, दिवसभरासाठी जेमतेम एक-दीड भाकरीचे पीठ. त्याच वेळी टाउनशेंडने कडक शब्दांत बजावले की मांस न खाणारे हिंदी अधिकारी आणि हवालदार अशक्त झाले, तर त्यांच्या जागी खाणारे नेमले जातील. काही दिवसांत हजारो शिपाई मांस खाऊ लागले. हुकूम झाला, सर्वांना एकदम लागू झाला, तेव्हा कुणा एकावर ठपका येण्याचे कारण उरले नाही आणि अडसर दूर झाला. हा हुकूम फेब्रुवारीत का निघाला नाही? शिपायांच्या श्रद्धेला धक्का लागू नये म्हणून सेनापती थांबला, असे त्याच्या बाजूने म्हणता येईल, आणि १८५७ ची आठवण असलेल्या लष्करात ही सावधगिरी समजण्यासारखीही आहे. पण मग सावधगिरी त्याची आणि दोष शिपायाचा, असे कसे चालेल? जो निर्णय एप्रिलमध्ये चार दिवसांत अमलात आला, तो दोन महिने न घेण्याची जबाबदारी निर्णय घेणाऱ्याचीच आहे.

तरीही एक आक्षेप उरतो आणि तो सर्वांत वजनदार आहे. कारण काही असो, नकारामुळे धान्य जास्त लागले आणि वेढा काही दिवस आधी संपला, हे तर खरे ना? खरे आहे. हिंदी सैनिकांनी जानेवारीपासून मांस खाल्ले असते, तर पीठ मेच्या पहिल्या पंधरवड्यापर्यंत ओढता आले असते, असे धरायला हरकत नाही. पण त्या पंधरा दिवसांत काय घडणार होते? २२ एप्रिलला सन्नाइयात येथे सुटकेच्या सैन्याचा शेवटचा हल्ला फसला, तेव्हा ते सैन्य थकून निकामी झाले होते. जानेवारीपासून त्याची हानी २३,००० च्या घरात गेली होती, म्हणजे ज्यांना सोडवायचे त्यांच्यापेक्षा कितीतरी अधिक माणसे सोडवताना पडली होती. मेमध्ये नवा हल्ला करण्याइतके बळ त्याच्यात नव्हते. यावर कुणी म्हणेल की १९ मेच्या सुमारास तुर्कांनी उजव्या काठावरच्या एस सिन्न येथील मोर्चे आपणहून सोडले, तोवर टिकले असते तर वाट मोकळी होती. पण तुर्कांनी ते मोर्चे सोडले, याचे कारण कूत आधीच त्यांच्या हाती आले होते आणि मोकळे झालेले सैन्य त्यांना इराणच्या बाजूने येणाऱ्या रशियनांकडे वळवायचे होते. कूत टिकले असते, तर मोर्चेही टिकले असते.

अन्न आणि आजार यांचा कूतमधला पुरावा विशेष बोलका आहे आणि तो घोड्याच्या मांसाच्या गोष्टीलाही नवा अर्थ देतो. वेढ्यातले वैद्यकीय प्रमुख कर्नल पॅट्रिक हेहिर यांनी नोंदवून ठेवले की आरंभी गोऱ्या सैनिकांत बेरीबेरी हा आजार दिसू लागला आणि हिंदी सैनिकांत तो नव्हता. गोरे मैद्याचा पांढरा पाव खात होते, हिंदी सैनिक कोंड्यासकट दळलेला आटा. पुढे मैदा संपला, गोऱ्यांना आटा आणि बार्लीची मिश्र भाकरी खावी लागली आणि त्यांची बेरीबेरी ओसरली. उलट हिंदी सैनिकांत स्कर्व्ही पसरली, हिरड्या सुजल्या, सांधे धरले, साध्या जखमा भरेनात, कारण त्यांच्या शिध्यात ताजी भाजी नव्हती आणि ताजे मांसही नव्हते. घोड्याच्या मांसाने स्कर्व्ही रोखायला मदत झाली असती, हे आज जीवनसत्त्वांच्या ज्ञानामुळे आपल्याला कळते. शिपायांनी स्वतः उपाय शोधला होता. ते खंदकांच्या आसपासची रानभाजी, तण खुडून शिजवत, आणि काही वेळा विषारी पाने पोटात जाऊन त्यांतले काही दगावले. भाजीचे बी पेरून पाहण्याचाही प्रयत्न झाला. पण स्कर्व्ही ही केवळ कूतची गोष्ट नव्हती. १९१६ मध्ये, घोड्याच्या मांसाचा प्रश्नच नसलेल्या, बसऱ्यापासून आघाडीपर्यंत पसरलेल्या हिंदी सैनिकांतही ती हजारोंना झाली. कागदावर ठरवलेला हिंदी शिपायाचा शिधा मुळातच तोकडा होता आणि जो होता तोही बोटींअभावी पोचत नव्हता. रोगाचे कारण वेढ्याच्या आत आणि बाहेर सारखेच असेल, तर वेढ्यातल्या नकारावर सगळे खापर फोडता येत नाही.

काही शिपाई तुर्कांना जाऊन मिळाले, काहींनी स्वतःच्या हाताला गोळी मारून घेतली, हेही आरोपाच्या पुष्टीसाठी सांगितले जाते. खलिफाविरुद्ध लढण्याचा पेच मुसलमान शिपायांपुढे होता आणि तुर्कांची हिंदी भाषांतली पत्रके खंदकांत येऊन पडत होती. हे घडले, ते लपवण्यात अर्थ नाही. पण दहा हजारांच्या गटात पळून गेलेल्यांची संख्या शंभराच्या आतबाहेर राहिली आणि कोणतीही पलटण फुटली नाही. पोटात अन्न नाही, पगार महिना अकरा रुपये, लढाई दुसऱ्याच्या साम्राज्याची. अशा स्थितीत पावणेपाच महिने या माणसांनी पहारे दिले. त्यातून निष्कर्ष काढायचाच असेल, तर तो त्यांच्या चिवटपणाचा निघतो.

शेवटच्या दोन आठवड्यांतले उपाय धाडसी होते, पण गणित जमण्याच्या पलीकडे गेले होते. इतिहासात प्रथमच वेढलेल्या फौजेला विमानांतून अन्न टाकले गेले, दळण्यासाठी जात्याचे दगडसुद्धा. पंधरा दिवसांत मिळून सात-आठ टन माल पडला, त्यातला काही नदीत तर काही तुर्कांच्या हद्दीत. इतका माल कूतला तीन-चार दिवसांत लागत होता. २४ एप्रिलच्या रात्री जुलनार ही आगबोट २७० टन शिधा घेऊन तुर्कांच्या तोफांखालून निघाली आणि नदीत आडव्या बांधलेल्या तारदोराला अडकून पकडली गेली. तिच्या दोन्ही प्रमुखांना मरणोत्तर व्हिक्टोरिया क्रॉस मिळाला. टी. ई. लॉरेन्स आणि ऑब्रे हर्बर्ट यांना पाठवून वीस लाख पौंडांपर्यंत खंडणी देऊ करण्यात आली. हलीलने ती नाकारली. जे पैसे शेवटी खंडणी म्हणून द्यायची तयारी झाली, त्यांच्या छोट्या हिश्श्यात एक वर्ष आधी पुरेशा बोटी विकत घेता आल्या असत्या.

आणि बोटींनीच सगळा फरक पडतो, याचा पुरावा पुढच्या वर्षी मिळाला. ऑगस्ट १९१६ मध्ये जनरल स्टॅन्ली मॉड याने सूत्रे घेतली. त्याने चार महिने चढाई केली नाही. बसऱ्याला धक्के झाले, नदीवर शेकडो बोटी आल्या, आघाडीपर्यंत छोट्या रुळांची रेल्वे टाकली गेली, दवाखान्याच्या बोटी आणि ताजी भाजी आली. डिसेंबरमध्ये त्याने हालचाल सुरू केली, फेब्रुवारी १९१७ मध्ये कूत परत घेतले आणि ११ मार्चला बगदाद. त्याच्या सैन्यातही बहुसंख्य हिंदीच होते, त्याच गावांतले, त्याच जातीपातींचे, तेच खाणारे आणि न खाणारे. नदीही तीच आणि शत्रूही तोच. बदलली होती ती व्यवस्था. मॉडची फौज तुर्कांहून खूप मोठी होती म्हणून तो जिंकला, असे कुणी म्हणेल. पण मोठी फौज आघाडीवर उभी करता आली आणि तिला रोज खाऊ घालता आले, हेच तर १९१६ मध्ये जमले नव्हते. ब्रिटिश पार्लमेंटने नेमलेल्या मेसोपोटेमिया आयोगाने जून १९१७ मध्ये दिलेला निकालही याच दिशेचा आहे. निक्सन, व्हाइसरॉय हार्डिंग, सरसेनापती बोशां डफ यांना त्याने दोषी धरले आणि भारतमंत्री ऑस्टेन चेंबरलेन यांनी राजीनामा दिला. अधिकृत चौकशीने जो दोष वरच्यांवर ठेवला, तो लोकप्रिय पुस्तकांतून पुन्हा खाली घसरत शिपायाच्या ताटापाशी येऊन थांबला.

शरणागतीनंतर टाउनशेंडला इस्तंबूलजवळच्या एका बेटावर बंगला आणि नोकर मिळाले. शिपायांना सामरा, मोसुल आणि रास अल ऐनच्या वाटेने उन्हात चालवत नेले आणि अनेकांना तोरोस व अमानोस डोंगरांतल्या रेल्वेच्या बोगद्यांवर कामाला लावले. गोऱ्या शिपायांपैकी १,७०० च्या वर, म्हणजे दहातले जवळजवळ सात, परतले नाहीत. हिंदी कैद्यांपैकी निदान अडीच हजार मेले किंवा त्यांचा पत्ताच लागला नाही. बसऱ्याच्या युद्धस्मारकावर अधिकाऱ्यांची नावे कोरली गेली. हिंदी शिपायांचा उल्लेख पलटणीपुढे फक्त आकड्याने झाला. या विषमतेची कबुली राष्ट्रकुल युद्धसमाधी आयोगाने २०२१ मध्ये दिली.

या प्रकरणातला बहुतेक पुरावा गोऱ्या अधिकाऱ्यांच्या कागदांतला आहे, आणि तरी तो शिपायाच्या बाजूने बोलतो. शिपायांचा स्वतःचा आवाज त्यात फारच कमी ऐकू येतो. बंगालीत शिशिर सर्बाधिकारी यांचे ‘अभी ले बगदाद’ हे पुस्तक आहे. बंगाल अॅम्ब्युलन्स कोअरमधला हा तरुण कूतमध्ये होता आणि पुढे तुर्कांच्या कैदेत होता. त्याच कैदेत मरण पावलेले डॉक्टर कल्याणकुमार मुखर्जी यांची पत्रे त्यांच्या आजीने पुस्तकात जपली. सातारा, रत्नागिरी, कोल्हापूर, पुणे या जिल्ह्यांतल्या कित्येक गावांत पहिल्या महायुद्धाला गेलेल्यांची संख्या कोरलेली दगडी पाटी आजही चावडीजवळ किंवा वेशीत सापडते. तुमच्या गावात अशी पाटी असेल, तुमच्या घरात १०३, ११० किंवा ११७ मराठा पलटणीचे बिल्ले, पेन्शनचे कागद, तुर्कस्तानातून आलेले एखादे कार्ड किंवा पणजोबांनी सांगितलेली हकिकत असेल, तर ती लिहून काढा, कागदांची छायाचित्रे घ्या आणि जवळच्या वस्तुसंग्रहालयाला किंवा इतिहास संशोधन मंडळाला त्याची प्रत द्या. कूतमध्ये घोड्याचे मांस का खाल्ले नाही आणि नंतर का खाल्ले, हे ज्यांनी भोगले त्यांच्या शब्दांत अजूनही मिळू शकते.